दोन ब्युरोवाले आणि दोन जाधव

आता हसायचं तर आधीच हसून घ्या, नंतर चहाचा ठसका लागेल. धंदा वाढवायला म्हणून घराबाहेर पडायचं आणि एका भल्या घरातल्या माणसांना घाम फोडून परत यायचं, याला अंगात कसब लागतं. ते माझ्यात आहे, हे मला गंगापुरात कळलं.

आमचा धंदा म्हणजे आजारी, म्हाताऱ्या, अंथरुणाला खिळलेल्या माणसांची घरी राहून सेवा करायला शिकलेल्या बाया नि माणसं पाठवायची. सुरुवात माझ्या बायकोनं, वंदनानं केली. ती हॉस्पिटलात सिस्टर होती. नोकरी सोडली आणि सिडकोतल्या आमच्या घराच्या पुढच्या खोलीत ऑफिस थाटलं. लोक त्याला 'ब्युरो' म्हणतात. फोन उचलला की पलीकडून पहिलं वाक्य, "ब्युरो ना?" आणि आम्ही म्हणतो, "हो, बोला." इथंच सगळी गडबड आहे.

मी वाळूजच्या कंपनीतून लवकर निवृत्ती घेतली, तेव्हा वंदना म्हणाली, "माझ्याच्यानं एकटीनं शहरच आवरत नाही. खेड्यापाड्यांतून फोन येतात, ते तुम्ही बघा." मी तर तयारच होतो. तयारी म्हणून एका हॉटेलात भरलेल्या कार्यशाळेलाही जाऊन आलो. विषय होता, घरगुती सेवेचा व्यवसाय कसा वाढवावा. कोट घातलेला एक तरणा पोरगा आम्हा पिकलेल्या केसांच्या लोकांना शिकवत होता. त्यानं सांगितलं, पेशंटला पेशंट कधीच म्हणायचं नाही, घरच्यांचं मन दुखावतं. 'आपला माणूस' म्हणायचं. आणि समोरच्यानं शंका काढायच्या आत आपणच सगळ्या शंकांची उत्तरं देऊन मोकळं व्हायचं.

मी घरी येऊन हे वंदनाला सांगितलं. ती म्हणाली, "आणि समोरच्यानं कधी बोलायचं?"

मी म्हटलं, तुला मार्केटिंग कळत नाही.

लगेच दुसऱ्या दिवशी पुण्याहून एकाचा फोन. जाधव म्हणून. वडील गंगापूरला असतात, अर्धांगवायूचा झटका येऊन गेलाय, घरी एकटी वहिनी सगळं करते, जाऊन बघून या. पत्ता विचारला तर म्हणाले, "पाण्याच्या टाकीजवळ कुणालाही विचारा." झालं. इस्त्रीचा शर्ट घातला, फोनमध्ये आमच्या सगळ्या मुलींचे फोटो घेतले आणि गाडीला किक मारली.

टाकीजवळ पानटपरीवर विचारलं, "जाधवांचं घर कुठलं?"

"कोणते जाधव? लई हायेत."

"मी ब्युरोतून आलोय."

टपरीवाल्याचा चेहरा एकदम खुलला. "मग आधी नाय का सांगायचं? तुमचीच वाट बघू लागलेत सकाळधरनं." आणि टपरी तशीच सोडून तो मला दारापर्यंत पोहोचवून गेला. आता तुम्हीच सांगा, इतकं स्वागत झाल्यावर कुणी शंका घेईल का?

घरात पाऊल टाकलं तर सगळं चकाचक. नवी चादर, उदबत्ती, ताटलीत चिवडा. मी मनात म्हटलं, आजारी माणसाच्या घरी एवढी टापटीप, चांगली माणसं दिसतात. एक आक्का होत्या, डोक्यावर पदर घेतलेल्या. त्यांचे भाऊ होते, त्यांना सगळे मामा म्हणत होते. आणि दिवाणावर आक्कांचे मालक, पाय लांब केलेला, शेजारी काठी, तोंडातून शब्द नाही. हेच आपले पेशंट, मी ठरवून टाकलं. त्यांचा नुसता गुडघा दुखत होता आणि मेव्हण्यापुढं ते कधीच बोलत नाहीत, हे मला फार उशिरा कळलं.

मामांनी विषय काढला. "आमचा माणूस लई सरळ हाय बघा."

मी दिवाणाकडं बघत मान डोलावली. "दिसतंच आहे. बोलणं कमीच असेल?"

"लई कमी. कामापुरतं."

"काही हरकत नाही. आमच्या मुलींना खाणाखुणा समजतात. जेवण कसं आहे?"

"सगळं खातो."

"स्वतःच्या हातानं?"

मामांनी आक्कांकडं बघितलं. आक्कांनी मामांकडं. "व्हय," मामा म्हणाले, "हातानंच."

"वा, वा. आणि आंघोळ?"

"रोज करतो."

"स्वतःची स्वतः?"

मामांचा आवाज जरा चढला. "आम्ही काय खोटं सांगू लागलोय का तुम्हाला?"

मला वाटलं, घरच्यांना वाईट वाटतंय. असं होतं बऱ्याच ठिकाणी. मी समजुतीच्या सुरात म्हणालो, "तसं नाही मामा. आमच्या मुलींना सगळ्याची सवय असते. आंघोळ घालतील, भरवतील, कूस बदलतील. आपल्या माणसाला काही करावं लागणार नाही."

आक्का पदर तोंडाला लावून म्हणाल्या, "अगं माय."

मी फोन काढून सुनीताचा फोटो दाखवला. आमची सगळ्यात चांगली मुलगी. कन्नड तालुक्यातली, पिशोरची. आक्कांना चेहरा आवडला. "गोड हाय पोरगी," त्या म्हणाल्या. "ह्याच्या आधी कुठं जमलं नाय का हिचं?"

"जमलं की. एका घरी वर्षभर होती."

मामांनी हळूच विचारलं, "मग?"

"ते वारले."

"अरारा. एवढ्या लहान वयात पोरीवर..."

"त्यानंतर दुसऱ्या घरी दिली. तिथं थोडेच दिवस."

"का?"

"तेही वारले."

आक्कांनी फोटोवरून नजर काढली. मला वाटलं, सुनीताच्या कामाबद्दल शंका येतेय. कोटवाल्या पोराचं ऐकून मी शंकेच्या आधी उत्तर दिलं. "तिच्यामुळं नाही हं. आमच्याकडं जी माणसं येतात, ती मुळात त्याच अवस्थेत असतात. तिनं मात्र दोघांचंही शेवटपर्यंत केलं."

मामा उठून दारापाशी गेले, पाणी प्यायले, परत आले. मी त्यांना बोलायला जागाच ठेवली नाही. "तुम्ही पक्कं आत्ता करूच नका. चार दिवस ठेवून बघा. नाही पटली तर बदलून दुसरी देतो. ती गावाला गेली तरी तुमची अडचण होऊ देत नाही, तिच्या जागी लगेच दुसरी हजर. आणि खरं सांगू का, एकीवर सगळा भार टाकूच नका. दिवसा एक, रात्री वेगळी, असं बरेच जण करतात. शहरात तर आता हेच चालतं."

आतल्या दाराचा पडदा हलला. नवा शर्ट घातलेला, केस चापून बसवलेला, तिशीच्या पुढचा एक तरणा माणूस बाहेर आला आणि खाली मान घालून म्हणाला, "रात्रीचीचा फोटो बघू."

"संदीप, आत हो," मामा गरजले. मग माझ्याकडं वळले. "आन् तुम्ही. शहाण्यासुरत्या घरचे दिसता. हे असले धंदे करता व्हय?"

मी म्हणालो, "पंधरा वर्षं करतोय. बायकोच करते सगळं, मी आत्ता आलो."

मामांनी दिवाणावरची काठी हातात घेतली. ती कुठं जाणार होती कुणास ठाऊक, तेवढ्यात दारात छत्री मिटवत एक गोरेघारे, टकले गृहस्थ उभे राहिले. काखेत जाडजूड अल्बम.

"नमस्कार," ते म्हणाले, "मी मुळे. वधूवर ब्युरो. उशीर झाला, माफ करा. मला कुणीतरी टाकीपलीकडच्या जाधवांकडं नेऊन सोडलं. तिथं नवरदेव निघाले सत्तरीचे, अंथरुणावर. पण आपण कुणाला नाही म्हणत नाही. चार स्थळं दाखवून आलो."

काय झालं ते माझ्या डोक्यात उतरायला थोडा वेळ लागला. मामांच्या डोक्यात माझ्याआधी उतरलं. त्यांनी काठी खाली ठेवली आणि असे हसले, असे हसले की दिवाणावरचे आक्कांचे मालकसुद्धा मेव्हण्यापुढं पहिल्यांदा बोलले. "त्यांना चहा द्या," म्हणाले. "घसा सुकला असंल."

मी चहा कसाबसा घेतला आणि खालमानेनं टाकीपलीकडच्या जाधवांकडं निघालो. मुळेही सोबत आले, म्हणाले, माझ्यामुळं झालेला घोळ मीच निस्तरतो. तिथं सून दारातच उभी होती, पदरात तोंड लपवून हसत. तिला सगळं केव्हाच कळलं होतं. आत जाधव आजोबा उशीला टेकून बसलेले, एक हात मांडीवर निर्जीव पडलेला, पण डोळे लखलखीत. या वेळी मी काही जोखीम घेतली नाही. मोठ्यानं सांगितलं, "मी सेवेच्या ब्युरोचा. तुम्ही पेशंट. मी बाई पाठवणार, ती तुमची सेवा करणार. लग्न नाही."

आणि लागलो विचारायला. हातानं जेवता का, उठून बसता का, संडासला कसं जाता. आजोबा काहीच बोलेनात. सून म्हणाली, "अहो, मघाशी तर मुळेकाकांशी चांगले घटकाभर बोलत होते. झटका आल्यापासून एवढं कधी बोलले नव्हते."

मी आजोबांना विचारलं, "काय झालं? आमची मुलगी नको का?"

त्यांनी जीभ जुळवत, एकेक शब्द सोडवत सांगितलं. "मुलगी... चालंल. तुम्ही... नको." मग मुळ्यांकडं बोट केलं. "ह्यांनी... विचारलं... तुम्हाला काय आवडतं? मी सांगितलं... सकाळी... कुणीतरी... पेपर वाचून दाखवावा. तुम्ही... आल्यापासून... माझा संडासच धरून बसलाय."

आयुष्यात एवढं अचूक कुणी मला बोललं नव्हतं. आणि बोललं कोण, तर ज्यांच्या बोलण्यावर परिणाम झालाय असं मी कागदावर लिहायला बसलो होतो ते.

सुनीता तिथं गेली. अजून तिथंच आहे, आजोबा खणखणीत बोलतात, ती रोज पेपर वाचते आणि दोघं पुढाऱ्यांना शिव्या देतात. मी घरी येऊन वंदनाला सगळं सांगितलं, म्हणजे थोडं गाळून सांगितलं, पण उरलेलं आजोबांच्या सूनबाईंनी फोनवर पुरवलं होतं. वंदना हसली नाही. तिनं फक्त मुळ्यांचा नंबर मागितला.

आता नवीन घर आलं की बघायला मुळेकाका जातात. लग्नं जुळवून उरलेल्या वेळात. दारात बसतात, चहा घेतात, आधी माणसाला बोलू देतात. बजाजनगरपासून पार कन्नडपर्यंत आमची माणसं कामाला आहेत. परवा त्या कार्यशाळेवाल्याचा फोन आला होता, म्हणाला, एवढी वाढ कशी केली ते येऊन नव्या लोकांना सांगा. मी घसा खाकरून सुरुवात करणार, तेवढ्यात वंदनानं माझ्या हातातून फोन घेतला आणि म्हणाली, "सोपं आहे. ह्यांना पाठवणं बंद केलं."