आक्षेपावर तारीख

"मामंजी वारले, त्याच्या पुढच्या वर्षी मत देऊन आले," आमची अर्जदार बाई बाकावरच्या शेजारणीला सांगत होती. "अन् त्यांनी मला दिलं नसंल, एवढं नक्की."

शेजारीण जमिनीच्या वाटपासाठी आली होती. तिने मान डोलावली. कोर्टाच्या व्हरांड्यात कुणाला कशाचं फारसं आश्चर्य वाटत नाही. मी बाजूला उभी राहून फाइल वाचत असल्याचं दाखवत होते.

बाई गोदावरीकाठच्या एका गावात ब्लाउज शिवते. ग्रामपंचायतीला ती एका मताने पडली. मेलेल्या सासऱ्यांच्या नावावर पडलेलं मत बाद झालं, तर बरोबरी होऊ शकते आणि मग चिठ्ठी निघेल. म्हणजे तीन वर्षं आम्ही भांडत होतो ते एका चिठ्ठीसाठी.

सामनेवाल्याच्या, म्हणजे त्या एका मताने निवडून आलेल्या सदस्याच्या, वकिलांनी सुरुवातीलाच प्राथमिक आक्षेप घेतला, की कोर्टातल्या अर्जावरची सही बाईची नाहीच. उमेदवारी अर्जावरची वेगळी दिसते. दिसत होतीच. उमेदवारी भरताना बाईने नुसतं नाव लिहिलं होतं. पडल्यावर तिच्या मुलीने तिला वळणदार सही शिकवली, कोर्टात बरी दिसावी म्हणून.

आधी आक्षेप, मग खटला, असं ठरलं. जे आधी ठरवायचं ते तीन वर्षांत ठरलं नव्हतं. सही तज्ज्ञाकडे पाठवायची की नाही, यावरच एक उन्हाळा गेला. सदस्याची मुदत पाच वर्षांची. सामनेवाला मासिक सभांना जात होता, झेंडावंदनाला पहिल्या रांगेत बसत होता आणि दर तारखेला बाईला "नमस्कार वहिनी, तब्येत बरी ना?" असं विचारत होता.

बाईचे वकील आमचे सर, मी त्यांची ज्युनिअर. माझं काम सोपं होतं. सर दुसऱ्या कोर्टात असले की उभं राहून तारीख मागायची. माझी शाळा इंग्रजी माध्यमाची. मराठीत मला भाजी घेता येते, भांडता येत नाही. "सर संगमनेरला आहेत, तारीख मिळावी," हे वाक्य मात्र पाठ होतं. ते कधी चुकलं नाही.

त्या दिवशीही सर संगमनेरला होते. फोनवर म्हणाले, "आक्षेपावर तारीख घे. आणि बाईला समजाव."

मी समजावलं.

"त्यांची मुदत संपायच्या आत अजून किती तारखा हायेत, मॅडम?" तिने विचारलं.

मी मनात मोजल्या. सात, फार तर आठ. तिला म्हटलं, बघावं लागेल.

"एक इचारू? सही माझी का न्हाई, येवढंच बघायचंय ना? मग मी दर तारखंला हितं येऊन बसती. मला कुनी इचारत का न्हाई?"

"तशी पद्धत नसते," मी म्हणाले. मग पद्धत नक्की काय असते, ते आठवायला लागले. कागद वाचून आणि कायदा बघून निकाल लागत असेल, तर तो आक्षेप आधी ऐकायचा. साक्षी घ्याव्या लागणार असतील, तर बाकीच्या मुद्द्यांबरोबर. परीक्षेत या प्रश्नाला मला चांगले मार्क पडले होते. इंग्रजीत.

एवढ्यात पुकारा झाला. बाई माझ्या मागे येऊन उभी राहिली.

"आक्षेपावर युक्तिवादासाठी तारीख मिळावी," सामनेवाल्याचे वकील म्हणाले आणि माझ्याकडे बघून प्रेमाने हसले. "यांची काही हरकत नसते."

न्यायाधीश मॅडमनी पुढची तारीख टाकायला रोजनामा लिहायला घेतलाच होता. मान वर न करता त्यांनी विचारलं, "अर्जदारातर्फे?"

सरांचं वाक्य तोंडात तयार होतं. मी ते गिळलं. पहिला शब्द मलाच ऐकू आला नाही, म्हणून तो पुन्हा म्हणावा लागला.

"हरकत आहे, मॅडम. सही कुणाची, हे साक्ष घेतल्याशिवाय कळणार नाही. मग ते आधी वेगळं कशाला ऐकायचं? सगळे मुद्दे एकत्र घ्या. अर्जदार बाई इथे हजर आहेत, त्यांची साक्ष आजच सुरू करा."