बारीक काड्यांची पेंडी

मला राग लवकर येतो. घरात सगळ्यांना ठाऊक आहे, ऑफिसातही. पण त्या रविवारी आला तसा आधी कधी आला नव्हता, आणि तो अजून उतरलेला नाही, म्हणून लिहायला बसले आहे.

सुरुवात चमच्यापासून झाली. माझी लेक दहा वर्षांची, पाचवीत शिकते. वरण-भात हातानं कालवून कोपरापर्यंत ओघळ आणणारी मुलगी. बुधवारी जेवताना तिनं चमचा मागितला. मला वाटलं, शहाणी व्हायला लागली. गुरुवारी ती पोळी डाव्या हातानं तोडायला लागली. "उजव्याला काय झालं?" म्हटलं, तर हात पाठीमागे गेला. धरून पुढं ओढला तेव्हा तळहातावर तीन वळ दिसले, आणि अंगठ्याच्या मुळाशी काळंनिळं. भागाकारात बाकी लिहायची राहिली म्हणून गणिताच्या मॅडमनी लाकडी पट्टीनं मारलं होतं. दोन दिवस तिनं मला सांगितलं नाही, कारण घरी जाऊन सांगणारी मुलं भित्री असतात, असंही मॅडमनीच सांगून ठेवलं होतं.

शुक्रवारी रजा टाकून शाळेत गेले. अमरावतीतली नावाजलेली शाळा, प्रवेशासाठी लोक ओळखी काढत फिरतात. मुख्याध्यापिकांनी खुर्ची दिली, पाणी दिलं, चहा विचारला. मी लेखी तक्रार दिली आणि पोच घेतली. शाळेत मुलांना मारायला कायद्यानं बंदी आहे हे त्यांना सांगायची गरज नव्हती. त्यांच्या दालनाबाहेरच्या भिंतीवर तसा फलकच होता, रंगीत, मुलांच्या हसऱ्या चित्रांसकट.

रविवारी सकाळी घरी दोन पाहुणे आले. दोघंही लेकीच्या वर्गातल्या मुलांचे वडील, एक वकील, एक प्राध्यापक. त्यांनी एक अर्ज आणला होता. 'आम्ही सर्व पालक स्वखुशीने लिहून देतो की, शिस्त लावण्याकरिता आमच्या पाल्यास योग्य ती शिक्षा करण्यास आमची हरकत नाही.' खाली हजेरीच्या क्रमानं सगळ्यांच्या सह्या. माझ्या लेकीच्या क्रमांकासमोरची जागा तेवढी रिकामी. मजकूर वकिलांनी तयार केला होता. कायद्याची पदवी दिवाणखान्यात टांगणारा माणूस, आपलंच मूल दुसऱ्याला मारू द्यायचा कागद किती सुबक अक्षरात लिहितो, ते मी पाहत राहिले.

"ताई, तुमची एकटीचीच सही राह्यली," वकील म्हणाले. "मॅडमची दोनच वर्षं उरली नोकरीची. काहून उगाच त्यायच्या पोटावर पाय देता?"

"आन् हिचा हात?" मी विचारलं.

"हात तर आठ दिवसांत बरा होते. आमी नाही काय मार खाल्ला? त्याच्यानंच तर माणसात आलो."

माणसात आले म्हणे. मला हे वाक्य ऐकलं की डोक्यात तिडीक जाते. मार खाल्ल्यानं मोठं झालो म्हणणाऱ्यांना मार न खाता आपण काय झालो असतो, हे कुठं ठाऊक असतं? ते नुसते वाचले, आणि वाचल्याचं श्रेय पट्टीला देऊन बसले.

प्राध्यापक आवाज खाली आणून म्हणाले, "मॅडम, तक्रार चालू राहिली तर वर्गात तुमचीच मुलगी एकटी पडेल. मुलं बोलत नाहीत मग." हे त्यांनी काळजीनं सांगितलं असंही असेल. मला ती धमकीच वाटली, आणि लागली. कारण लेक स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, आणि शुक्रवारी डबा खायला तिच्याजवळ कुणीच बसलं नव्हतं.

एवढ्यात दिवाणावर बसलेले माझे बाबा बोलले. अकोल्याकडच्या खेड्यातलं शेत त्यांनी ठेक्यानं दिलंय आणि दोन वर्षांपासून ते माझ्याकडे असतात. म्हणाले, "करून टाक बाई सही. गुरुजीनं मारल्याबिगर लेकरू सुदरत नाही. सोताचंच पाह्य ना, किती शिकली तू."

मग मात्र माझा तोल गेला. पाहुणे बसलेत, बाबांचं वय झालंय, काही काही पाहिलं नाही.

आमच्या गावच्या शाळेत मारायच्या काड्या गावातूनच यायच्या. तुरीचं पीक निघालं, संक्रांत झाली, की तुराट्यांची एक पेंडी शाळेत पोचती करायची, हा मान आमच्या घरचा होता. तुराटी म्हणजे तूर झोडपून घेतल्यावर उरलेली काडी, एरवी चुलीत जाते नाहीतर कुडाला लागते. बाबा सायकलच्या कॅरिअरला पेंडी बांधून स्वतः घेऊन यायचे. गुरुजी बाहेर येऊन त्यांना नमस्कार करायचे. चौथीत मी खिडकीतून ते बघत होते आणि मला बापाचा अभिमान वाटत होता. पेंडी आईच्या जुन्या लुगड्याच्या हिरव्या काठानं बांधलेली असायची. पुढच्याच आठवड्यात सतराचा पाढा अडला. गुरुजींनी माझ्यादेखत तो हिरवा काठ सोडला, एक काडी ओढली आणि म्हणाले, "तुह्या बापाचीच हाय." वर्ग हसला. मीही हसले, तेवढ्यात पहिली बसली. आजही सतरा आठे म्हटलं की माझा उजवा हात आपोआप मिटतो. भूमापन कार्यालयात दिवसभर आकडेमोड करते मी, पण हे तिथल्या कुणाला सांगितलेलं नाही.

हे सगळं मी त्या रविवारी बाबांना ओरडून सांगितलं. "तुमी सोताच्या शेतातली काडी सोताच्या पोरीले माराले नेऊन दिली," म्हटलं. "आन् वरून गुरुजीचा नमस्कार घेतला."

वकील घड्याळाकडे पाहायला लागले. मग बाबा मला नव्हे, त्या पाहुण्यांनाच सांगत असल्यासारखे म्हणाले, "मी जाड काड्या नाही देल्या कधी. अख्खी संध्याकाळ खळ्यात बसून बारीक बारीक निवडत होतो. आपलं लेकरू त्या शाळेत हाय, मले समजत नोयतं काय? बारकीनं कमी लागते म्हणून."

ते दुसरीनंतर शाळेत गेलेच नव्हते. त्यांना कुठून कळणार होतं?

बोलली ती लेक, दारातूनच, अगदी साध्या आवाजात. "बारीकच जास्त लागते, आबाजी. म्हणून तर मॅडम पट्टी चपटी नाही मारत, कडेनं मारतात."

बाबांनी तिला जवळ बोलावलं. तिचा हात पालथा होता तो उलटा करून पाहिला. चार दिवस एका घरात राहून त्यांनी तो पाहिला नव्हता, मी दाखवायला गेले तेव्हा 'होते बरं' म्हणून पेपर उचलला होता. मग त्यांनी वकिलांना विचारलं, "तुमच्या ह्या कागदात काडी केवढी पायजे, ते लिवलं हाय काय?"

वकिलांनी अर्जाची घडी घातली. प्राध्यापक जाताना म्हणाले, "विचार करा, मॅडम." मी दार लावून घेतलं. तक्रार मागे घेतलेली नाही. लेक रोज शाळेत जाते, डबा अजून एकटीच खाते, आणि रोज संध्याकाळी ते ऐकून माझं पित्त खवळतं. पण चमचा तिनं आता ठेवून दिलाय.

त्या दुपारी मी ताटं घेत होते तेव्हा बाबा स्वयंपाकघरात आले. माठाजवळ उभे राहिले, पाणी काही घेतलं नाही. म्हणाले, "तवा तुले किती मारल्या होत्या?"

इतक्या वर्षांत घरच्या कुणी मला हे पहिल्यांदाच विचारलं होतं. मोजल्या नाहीत, असं सांगून त्यांना सोडवता आलं असतं. पण मी मोजल्या होत्या. आकडा सांगितला, आणि भात वाढायला घेतला.