पितरांच्या पंधरवड्यातला चुडा

परक्या पुरुषानं बाईचा हात धरावा आणि त्याला कोणी काही म्हणू नये, असा आमच्या गावात एकच माणूस होता. तो म्हणजे मनियार, बांगड्या भरणारा. डोंगरकड्याजवळच्या त्या गावात मी लग्न होऊन आले ती थेट नगरकडून. तिसरीत असताना वडिलांनी पाटी काढून घेतली आणि पाठवणी केली. मुलुख निजामाचा, बोली वेगळी. मी 'नाही' म्हटलं की जावा फिदीफिदी हसायच्या, "अगं बया, पुस्तकावानी बोलतीया. न्हाई म्हन, न्हाई!" मग मी बोलायचंच सोडून दिलं.

मनियार चाचानं पहिल्यांदा हात धरला तेव्हा भीतीनं मी मूठ आवळली.

"मूठ खोल, बेटी. चुडी को नरम हाथ होना," तो म्हणाला. मग हळूच मराठीत, "माहेर आठवून राहिलं का? आठव की. आठवलं म्हंजे हात ढिला पडतो."

खरंच पडला. रडता रडता दोन्ही हात भरून झाले, ते मला कळलंही नाही. पुढं कळमनुरीच्या बाजारात नगरकडचा घोंगड्या विकणारा भेटला की चाचा त्याच्याजवळ माझी खुशाली सांगून ठेवायचा, आणि पुढच्या खेपेला वडिलांचा निरोप आणायचा. माझं माहेर मला त्या माणसाच्या तोंडून मिळत होतं. हे उपकार मी आजही विसरलेली नाही.

चुड्याचे नियम बायका फार कडक पाळत. चुडा भरायला घेतला की मधे उठायचं नाही आणि भरणाऱ्यालाही उठवायचं नाही. अर्धा भरलेला हात म्हणजे नवऱ्यावर संकट. बांगडी 'फुटली' म्हणायचं नाही, 'वाढवली' म्हणायचं. आणि नवरा हयात असताना हात कधी पूर्ण उघडा करायचा नाही, एक तरी बांगडी राहू द्यायची.

रझाकारांचं वर्ष आलं. त्या उन्हाळ्यात एका दुपारी गडीमाणसं शेतात होती आणि आम्ही बायका विहिरीवर. घोड्यांची धूळ दिसली तसा चाचा धावत आला. "चलो, चलो, सब मेरे घर!" त्यानं आम्हाला आत जनानखान्यात ढकललं, बाहेर दारातच आडवी बाज टाकली आणि तिच्यावर बसून राहिला. रझाकार आले. आत आम्ही श्वास धरून बसलो होतो. बाहेर चाचा त्यांना पाणी देत होता, हसून बोलत होता, पानाची तबकडी पुढं करत होता. "अंदर कौन है?" एकानं विचारलं. "मेरे घर की औरतां हैं," तो म्हणाला.

ते निघून जाईपर्यंत माझ्या डोळ्यांपुढं अंधारी आली होती. चाचीनं मडक्यातलं पाणी दिलं, ते मी प्याले. माझ्या सासूबाईही प्याल्या. त्यांना मी आत्याबाई म्हणायची. गावात कडक म्हणून त्यांचं नाव होतं, माझ्याशी कधी गोड बोलल्या नव्हत्या. घरी जाताना त्यांनी सगळ्यांना थांबवलं.

"आज कुठं व्हतो, ते कोनी बोलायचं न्हाई. मुसलमानाच्या घरात बसलो, त्यांचं पानी पिलो म्हनलं तर दाल्ले घरात घेतील का?"

सगळ्यांनी माना डोलावल्या. नवऱ्यांना न सांगणं आम्हाला शहाणपणाचंच वाटलं. पण शेतातून परतणाऱ्या गड्यांनी लांबून काय पाहिलं होतं? मनियाराच्या दारात रझाकार बसलेत, आणि तो त्यांना पान देऊन राहिलाय. एवढंच.

पावसाळा सरता सरता हिंदुस्थानची फौज आली, निजाम शरण गेला. आम्ही देवापुढं साखर ठेवली. आता भ्यायचं कारण उरलं नाही, असं मला वाटलं होतं. पण तेव्हाच आमच्या ओसरीवर मामंजी, म्हणजे माझे सासरे, कुऱ्हाडीला धार लावायला बसले. रोज सरपण फोडायची तीच कुऱ्हाड.

"काहून हो, पावसाळ्यात कोनतं झाड तोडायचंय?" आत्याबाईंनी विचारलं.

"रझाकारांना पान खाऊ घालनाराचं. उद्या न्याहारी झाली की जाऊ समदे."

माझ्या हातातली परात पडली. मामंजी कधी मुंगीवर पाय देणारे नव्हते. सापाला सुद्धा 'जा बाबा' म्हणून वाट देत. माझे मालक तिथंच खाली मान घालून उभे होते. ती धार लावतानाची खरखर अजून माझ्या कानात आहे.

आत्याबाईंनी परात उचलली. मला म्हणाल्या, "सकाळी चुडा भरायला जायाचं. घरोघर सांगून ये."

मी चक्रावले. पितरांचा पंधरवडा चालू होता. त्या दिवसांत नवं लुगडं कोणी नेसत नाही, चुडा तर लांबच. ज्या घरी सांगितलं तिथल्या बाया माझ्याकडं बघतच राहिल्या. पण विहिरीवरच्या सगळ्या आल्या.

सकाळी चाचाच्या अंगणात आम्ही गोल करून बसलो. चाचाला खबर लागली होती. तोंड पांढरं पडलं होतं, लेकरं आत चाचीच्या पदराला धरून होती. "माँ, तुम जाव," तो आत्याबाईंना हात जोडून म्हणाला. "तुमच्यावर बी येईल."

"बस खाली. भर," आत्याबाई म्हणाल्या आणि माझा हात त्याच्यापुढं धरला.

गडी आले. आमच्याच गावचे, काही शेजारच्या गावचे. पुढं मामंजी. रोज आमच्या ओसरीवर बसून सुपारी कातरणारे हात, आणि त्या हातांत कुऱ्हाडी. अंगणात बायका बघून ते थबकले.

"पितरात चुडा? येड लागलं का समद्यांना? उठा!" कोणीतरी ओरडलं.

"भरून झाल्याबिगर कशा उठू?" आत्याबाई म्हणाल्या. "अर्धा हात ठेवून उठलो तर कोनाच्या जिवावर? तुमच्याच नं?"

मागून एक जण म्हणाला, "त्यानं रझाकारांना पानी पाजलं!"

"व्हय, पाजलं. दारात बसवून पाजलं. काहून की आत आमी व्हतो."

एवढं बोलून त्या थांबल्या. मी डोळे मिटून घेतले. मग आत्याबाईंनी सगळं सांगितलं, विहीर, बाज, जनानखाना. एकेका बाईकडं बोट दाखवत गेल्या. "ही व्हती. ही व्हती. ही तर पोटुशी व्हती. ईचार तुझ्या बायकूला."

मामंजी आत्याबाईंकडं बघत म्हणाले, "तू... याच्या घरात?"

"घरात. आन् पानी बी पिले. थंड व्हतं."

मामंजींच्या चेहऱ्यावर जे आलं ते मला आजही सांगता येणार नाही. राग असता तर कळला असता. ते एक पाऊल पुढं आले. चाचानं दचकून वर पाहिलं आणि माझ्या मनगटावर बांगडी फुटली. होय, फुटली. रक्ताची धार लागली. बायकांनी तोंडावर पदर घेतला. घोळक्यातून माझे मालक ओरडले, "बापू, थांबा!" वडिलांपुढं त्यांनी आवाज चढवलेला मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला.

चाचाच्या पेटीतल्या बांगड्या तोवर संपत आल्या होत्या. घोळक्यातल्या कोणीतरी ते हेरलं. "झालं की आता! उठा!"

तेव्हा आत्याबाईंनी जे केलं, ते पाहून चाचीनं आतून "या अल्ला" म्हटलं. नवरा समोर जिवंत उभा असताना त्यांनी स्वतःच्या दोन्ही हातांतल्या बांगड्या उतरवल्या. एकही ठेवली नाही. त्या चाचापुढं ओतल्या आणि उघडे हात पुढं केले.

"भर पुन्यांदा. आमच्या बी समद्यांच्या काढून घे. दिवसभर भर." मग मामंजींकडं वळून, "या नं म्होरं. मी अशीच बसलीय. या."

त्या उघड्या मनगटांकडं मामंजी बघत राहिले. आपलं मरण बघावं तसे. एकेक बाई बांगड्या उतरवू लागली तसा तिचा तिचा माणूस मान खाली घालून मागं सरला. शेजारच्या गावचे शिव्या देत निघाले. शेवटी मामंजी एकटे उरले. ते गेले नाहीत. चाचाच्या दारात, आमच्याकडं पाठ करून, कुऱ्हाड मांडीवर घेऊन बसले.

का बसले, ते दुपारी समजलं. शेजारच्या गावाकडून धूर उठला. तिथं अंगणात कोणी बाया बसल्या नव्हत्या. तिथल्या पिंजाऱ्यानं माझ्या लग्नातली गादी भरली होती. तो आणि त्याचा मुलगा मारले गेले. ही बातमी आणणारा माणूस भाकरी खात सांगत होता.

फौजेची गाडी गावावरून जाईपर्यंत मामंजी रोज त्या दारात बसले. मनियाराच्या केसाला धक्का लागला नाही. पण त्या घरचं पाणी मामंजींनी कधी घेतलं नाही, आणि आत्याबाईंच्या हातचं जेवणं सोडलं ते सोडलंच. त्यांचं ताट मी वाढायची; ते पाणी मीही प्याले होते, पण ते त्यांनी कधी विचारलं नाही.

"बरं झालं," आत्याबाई म्हणायच्या, "माझी चूल तरी सुटली."

त्या सकाळी ढिगातल्या बांगड्यांची पार सरमिसळ झाली होती. माझ्या बारीक हातात आत्याबाईंच्या मोठ्या हिरव्या बांगड्या आल्या, भाकरी थापताना पार कोपरापर्यंत घरंगळायच्या. त्यांच्या हातात माझ्या छोट्या, मनगटात रुतलेल्या. मी बदलायला गेले तर त्यांनी हात मागं घेतला.

"राहू दे. पुन्ना काढायची ताकद न्हाई बाई माझ्यात."

बोलताना त्यांचे ओठ कापत होते. त्या दिवशी अंगणात त्या किती भ्याल्या होत्या, हे मला तेव्हा कुठं कळलं.