गुरुपादप्पांचं रविवारचं पिस्तूल

रविवार, ५ ऑक्टोबर २०२५, लातूर. पाऊस उघडला, पण उत्तरेकडची भिंत अजून ओली आहे. सकाळी शेजारी गुरुपादप्पांकडे मुरमुऱ्याचा सुशीला खाल्ला. मिरची जास्त. त्यांची मुलगी मंजुश्री नांदेडहून आली होती. तिने वडिलांच्या पिस्तुलाची परीक्षा घेतली आणि मला पंच नेमलं.

वहीत एवढंच लिहून मी पेन खाली ठेवलं होतं. पण एवढ्यावरून गुरुपादप्पा कोणाला कळायचे नाहीत, म्हणून थोडं सविस्तर लिहिते.

गुरुपादप्पा मूळचे उदगीरचे. लातूरच्या मोंढ्यात त्यांची तूर-हरभऱ्याची आडत होती. उदगीर-लातूर रस्त्यावरून रोकड न्यावी लागे, म्हणून पस्तिशीत असताना त्यांनी रीतसर परवाना काढून पिस्तूल घेतलं. आज ते सत्तरीच्या पुढे आहेत. आडत पुतण्या बघतो, रोकड फोनवरून जाते, आणि इतक्या वर्षांत त्यांना रस्त्यात एकही दरोडेखोर भेटला नाही. याचं त्यांना थोडं वाईट वाटतं, असा माझा अंदाज आहे.

घरात चोरी मात्र एकदा झाली. भर सकाळी कोणीतरी पुढच्या दाराने येऊन पितळेची घागर उचलून नेली. घरमालक आणि त्यांचं हत्यार दोघंही तेव्हा मागच्या व्हरांड्यात होते. हत्यार जुन्या धोतरावर सुटं होऊन पडलं होतं आणि मालक त्याच्या नळीत एका डोळ्याने बघत होते.

कारण तो रविवार होता. रविवारी इष्टलिंगाची पूजा झाली की गुरुपादप्पा पिस्तूल साफ करतात. लग्न असो, मतदान असो, हे चुकत नाही. धोतराचा तुकडा अंथरायचा, त्यावर ब्रशाची काडी, दात घासायचा जुना ब्रश, बायकोच्या, नागम्मांच्या, परकराच्या फ्लॅनेलच्या चिंध्या आणि शिवणयंत्राच्या तेलाची बाटली ओळीने मांडायची. मग व्याख्यान. ऐकायला कोणी नसेल तर कुंपणावरून मला हाक येते.

"बाई, हत्यार म्हंजी म्हैस हाय. रोज बघितलं न्हाई तर लाथ मारती."

"आणि दूध?" मी विचारते.

"तेच तर. तेल किती घालायचं? दागिना घालतो तेवढं. लोणच्याला घालतो तेवढं न्हाई. लोक बचाबचा तेल घालतात, मग त्यात धूळ बसती आन् अडकतं."

त्यांची माझी ओळखही या सफाईतूनच झाली. आम्ही इथे राहायला आलो त्या उन्हाळ्यात मी गच्चीवर शेवया वाळत घातल्या होत्या. गुरुपादप्पांच्या हातून पिस्तुलाची स्प्रिंग उडाली ती थेट माझ्या शेवयांत. दोन्ही घरांनी मिळून शेवया निवडल्या. स्प्रिंग सापडली तेव्हा नागम्मा म्हणाल्या, "बरं झालं, खीर करायच्या आधी मिळाली." तेव्हापासून ते स्प्रिंग काढताना वर टॉवेल धरतात.

त्यांची पद्धत ठरलेली आहे आणि खरं तर चांगली आहे. पहिली पायरी, काडतुसांचं मॅगझिन बाहेर काढायचं. दुसरी, वरचा भाग मागे ओढून आत बघायचं. तिसरी, दुसऱ्या माणसालाही दाखवायचं, कारण आपला डोळा आपल्याला फसवतो. चौथी, कोपऱ्यातल्या गव्हाच्या पोत्याकडे तोंड करून चाप ओढायचा. टिक् असा आवाज आला की मग सुटं करायला घ्यायचं.

पण कुठलीही पद्धत फार वर्षं चालली की तिचा मंत्र होतो. भरलेलं मॅगझिन ते पहिल्यापासून वेगळ्या डब्यात, कपाटात कुलूपबंद ठेवतात. किल्ली नागम्मांच्या कमरेला. त्यामुळे पहिली पायरी कधीतरी नुसती म्हणायची झाली. "मॅगझिन डब्यात," असं म्हणून ते पुढे जातात. तिसऱ्या पायरीचंही तेच. ते पिस्तूल स्वयंपाकघराच्या दाराशी धरतात, "बघ गं," म्हणतात, आणि नागम्मा कढईवरची नजर न काढता म्हणतात, "नळी रिकामी."

मंजुश्रीला हे सगळं लहानपणापासून पाठ. तेव्हा ती हसायची. आता तिला दोन वर्षांची मुलगी आहे, चिन्नू. दिवाळीला माहेरी यायचं ठरत होतं तेव्हा तिने फोनवर सरळ सांगितलं, "अप्पा, घरात पिस्तूल राहील नाहीतर चिन्नू. तुम्ही ठरवा."

गुरुपादप्पांनी चिन्नूसाठी झोपाळा आणून ठेवला होता. माळवदाच्या कडीला टांगून, त्यावर तांदळाचं पोतं ठेवून वजनही तपासलं होतं. पण पिस्तूलही सोडवेना. मोंढ्यात आता त्यांना नव्या पोरांपैकी कोणी ओळखत नाही. "पिस्तूलवाले अप्पा" एवढीच ओळख उरली आहे. शेवटी त्यांनी तोडगा काढला. "एक रविवार तू ये. मी कसं संभाळतो ते डोळ्यांनी बघ. मग बोल."

म्हणून ती आज आली. चिन्नूला सासूबाईंकडे ठेवून, सकाळच्या गाडीने. मला बोलावणं आलं, "बाई, तुम्ही पंच. मंजू माझं न्हाई ऐकत, तुमचं ऐकती."

दिवसही मोठा निवडला होता. खंडेनवमी नुकतीच झालेली. नवमीला पिस्तूल पाटावर बसतं. त्याला विभूतीचे तीन पट्टे, झेंडूची फुलं, कापूर. त्यामुळे नंतरचा रविवार म्हणजे वर्षातली मोठी सफाई. विभूती सांध्यांत जाऊन बसते, ती आधी कोरड्या ब्रशाने काढावी लागते.

मी गेले तेव्हा सगळं मांडून झालं होतं. गुरुपादप्पांनी इस्त्रीचा सदरा घातला होता. एका डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, नवा चष्मा अजून आला नाही, पण ऐट कायम. मंजुश्री बशी हातात घेऊन उंबऱ्यात बसली होती.

"अप्पा, पेपर सोडवायच्या आधी नाव-नंबर लिहा," ती म्हणाली.

"गप बस आन् बघ."

त्यांनी पिस्तूल कापडात धरून विभूती झटकली. दोन-तीन केशरी पाकळ्या खाली पडल्या.

"पहिली पायरी. मॅगझिन डब्यात," ते म्हणाले. सगळं लक्ष लेकीच्या चेहऱ्याकडे. वरचा भाग मागे ओढून धरला, आत डोळा लावला. "दुसरी. आत काही न्हाई. तिसरी. बघ गं."

"रिकामी," आतून नागम्मा म्हणाल्या. सुशील्यावर लिंबू पिळत होत्या.

"हे बघणं म्हणायचं का?" मंजुश्री म्हणाली.

"बरं, मग तुझ्या पंचांना दाखवतो. बघा बाई."

हैदराबादच्या आमच्या कॉन्व्हेंटात सिस्टर ॲग्नेस सांगायच्या, न पाहता हो म्हणणं हे खोटंच. मी चष्मा पुसला आणि वाकून पाहिलं.

"गुरुपादप्पा, आत पिवळं काहीतरी आहे."

"पाकळी असेल झेंडूची."

"पाकळी अशी चकाकत नाही. गोल बूड आहे तिला."

ते हसले नाहीत. मला त्यांचं कौतुक वाटतं ते इथे. वरचा भाग सोडला की गोळी नळीत सरकते; त्यांनी तो सोडला नाही, बोट चापाकडे नेलं नाही, पिस्तुलाचं तोंड पोत्याकडे वळवलं आणि अंगठ्याने मुठीवरची कळ दाबली. मॅगझिन धोतरावर पडलं. भरलेलं होतं. मग त्यांनी नळीचं मागचं तोंड आधी स्वतः पाहिलं, करंगळी घालून चाचपलं, मला दाखवलं, मंजुश्रीला दाखवलं. आता खरंच काही नव्हतं. मग त्यांनी पिस्तूल खाली ठेवलं.

चौथी पायरी काय असते हे तिथे सगळ्यांना माहीत होतं.

"हे यात कुणी घातलं?" त्यांनी विचारलं.

नागम्मा हात पुसत बाहेर आल्या. "मी. नवमीला."

"तू?"

"मग काय. इतकी वर्षं दर रविवारी दाखवायलात. घालता येतं मला."

"अगं पण कशाला?"

"सणाला रिकामं ठेवतं का कोणी?" नागम्मा म्हणाल्या. "यंदा पावसानं लोकांच्या घरात दाणा ठेवला न्हाई. माझ्या भावाचं निलंग्याकडचं सोयाबीन पाण्यात गेलं. म्हटलं, आपल्या घरात नवमीला एक वस्तू रिकामी नको. घागर भरली, डबे भरले, झोपाळ्यात नारळ ठेवला. मग हेच एकटं रिकामं पाटावर बसलेलं, बरं दिसंना. नंतर काढायचं राहून गेलं."

"आन् आज रिकामी म्हणालीस."

"रविवारी मी रिकामीच म्हणते."

मंजुश्रीला हसू फुटलं आणि लगेच डोळ्यांत पाणीही आलं. ती बशी घेऊन आत गेली. तिने वडिलांना एक शब्द विचारला नाही. तिने विचारलं असतं तर ते भांडले असते, हे मला ठाऊक आहे.

गुरुपादप्पांनी मग सफाई पूर्ण केली. मी बसून राहिले. टॉवेल धरून स्प्रिंग काढली, नळीतून चिंधी ओढली, ती स्वच्छ निघेपर्यंत दुसरी, तिसरी. तेल दागिन्याएवढंच. व्याख्यान नाही. फक्त एकदा म्हणाले, "वजनावरून कळायला पाहिजे होतं मला." सगळं पुन्हा जोडून त्यांनी ते पेटीत ठेवलं, काडतुसांचा डबा वेगळा केला, आणि या वेळी पेटीची आणि कपाटाची अशा दोन्ही किल्ल्या जानव्यासारख्या दोऱ्यात घालून स्वतःच्या गळ्यात अडकवल्या. तो दोरा इष्टलिंगाच्या शिवदाऱ्याशेजारी फार विजोड दिसत होता. नागम्मांनी तसं बोलूनही दाखवलं.

दुपारी मंजुश्री निघाली तेव्हा ते तिला रिक्षापर्यंत सोडायला गेले. काय बोलणं झालं ते मला कुंपणावरून ऐकू आलं नाही. रिक्षा सुटताना तिने मान बाहेर काढली. "काकू, धनत्रयोदशीच्या आधीच येतो आम्ही. झोपाळ्यातला नारळ काढायला सांगा अव्वाला." आईला ती अव्वा म्हणते.

संध्याकाळी गुरुपादप्पा माझ्या दारात उभे. हातात तेलाची बाटली.

"तुमच्या मशीनला घाला, बाई. उद्या पिस्तूल बंदुकीच्या परवानावाल्या दुकानात नेऊन जमा करायलोय. कागदपत्रं काढून ठेवलीत."

"कायमचं?"

"आधी जमा तर करू द्या." त्यांनी बाटली माझ्या हातात दिली. "पाकळी म्हणालो मी. सरळ पाकळी म्हणालो."

कुंपणापलीकडून नागम्मांचा आवाज आला. "आता रविवारी काय करणार ते विचारा त्यांना, उमाबाई."

"तुझा मिक्सर सुटा करतो."

"मिक्सरला हात लावून बघा."

"बघा, आता न बघता हो म्हणत न्हाई," ते मला म्हणाले आणि गेले.

दिवा लावून मी सकाळच्या नोंदीखाली एक ओळ लिहिली. शिवणयंत्राला तेल घातलं, आता चाक हलकं फिरतं. बाटलीत अर्धं तेल शिल्लक आहे.