आमच्या दारातल्या चपला

माझ्या मयताला सगळ्यात मोठ्यानं रडली ती वरच्या मजल्यावरची हदगाववाली, आणि तेव्हा मी आत पोहे परतत होते. बाहेर माझ्या नातीला बघायला लातूरचे पाहुणे बसले होते. माझं तोंड फटकळ, म्हणून सुनेनं मला स्वयंपाकघरातून हलायचं नाही असं बजावलं होतं. तेवढ्यात ही उघड्या दारातून आत आली, सुनेच्या गळ्यात पडली आणि तिनं गळा काढला, "आक्का गं, आता मी कोणासंगं भांडू गं माय!"

तिची चूक तशी मोठी नाही. हदगावला अख्ख्या गल्लीची खबर तिला दारातल्या चपलांवरून कळायची. बायकांच्या जास्त असल्या की बारसं, पोरांच्या असल्या की शिकवणी, गड्यांचा ढीग आणि आत आवाज नाही म्हणजे मयत. लेकानं नांदेडला फ्लॅटात आणून ठेवली आणि तिच्या खबरा बंद पडल्या. इथं माणसं चपला कपाटात ठेवतात आणि दार लावून घेतात. लेक-सून कामाला गेले की ही लिफ्टनं खाली-वर फिरते. घरात दही आंबून चाललं असलं तरी विरजण मागत दारं वाजवते. एकानं तर दार न उघडताच "काही नको" म्हणून सांगितलं. "मी मागून राहिले, आन् त्यो मलाच नको म्हनतो!" हे तिनं मला आठवडाभर ऐकवलं. अशा बाईला आमच्या दारात गड्यांच्या चपला दिसल्या, आत पांढऱ्या कपड्यांतले गप्प पाहुणे दिसले, आणि मी कुठंच दिसले नाही.

सून तिचे हात गळ्यातून सोडवायला बघत होती. मुलाचा बाप उठायच्या बेतात. त्यात मुलाची आजी, कोण गेलं हे न विचारताच, डोळ्याला पदर लावून रडायला लागली. आता सोयरीक मोडते म्हणून मी उलथनं घेऊन तशीच बाहेर आले.

"कोण मेलं गं?"

हदगाववालीनं मला खालीवर पाहिलं. "हाईस व्हय? मग पाहुणे आले तर मला बोलावलं का न्हाई?"

मुलाची आजी रडता रडता हसली आणि लेकाला म्हणाली, "बस खाली. आपल्या मजल्यावर मानूस गेलं तर तेराव्याला कळतंय. हितं शेजारीन रडाया तरी येती."

सोयरीक जमली. नात लातूरला नांदते आहे. सून मात्र हदगाववालीला अजून घरात पाय ठेवू देत नाही. म्हणून जेवण उरकलं की मीच वर जाते. ती चहा पातळ करते, मी ते तोंडावर सांगते, मग भांडण होतं. दुपारी अख्ख्या इमारतीत आवाज असतो तो आमच्या दोघींचाच.