कामत साहेब पहिले का बुडायचे

कामत साहेब तिसऱ्यांदा पाण्यात गेले तेव्हा कँटीनमध्ये कोणी हसलं नाही. पहिल्या दोन वेळा हसले होते. साहेबांनी मोबाइल टेबलावर उलटा ठेवला, चष्मा पुसला आणि माझ्याकडे वळून विचारलं, "बाय, तुमचो हो गेम मुद्दाम माकाच बुडयता काय?"

"नाही साहेब. गेम कुणालाच बुडवत नाही. माणसं मतं देतात."

बोलून गेले आणि जीभ चावली. हे तर त्याहून वाईट होतं.

मी व्हिडिओ गेमच्या कंपनीत काम करते. चित्रं काढत नाही, कोडिंगही फारसं करत नाही. माझं काम मॅच सेटिंगचं. घरोघरी कॅरम खेळतात, पण कुठे राणीला कव्हर लागतं, कुठे लागत नाही. खेळ तोच, पण पाहुण्याने नियम विचारले नाहीत तर भांडण ठरलेलं. व्हिडिओ गेममध्ये असे नियम ठरवायला बटणं आणि आकडे असतात, त्यांना सेटिंग म्हणतात. कोणत्या लोकांना कोणती सेटिंग लावली की खेळ रंगेल, हे बघायचा मला पगार मिळतो. हे माझ्या सासूबाईंना अजून पटलेलं नाही.

आमचा गेम बार्जवरचा. नदीतून खनिज नेणारी बार्ज गोव्यातल्या डिचोलीच्या माणसाला वेगळी सांगावी लागत नाही. दहा जण आपापल्या मोबाइलवर खेळतात. आठ खलाशी आणि दोन बुडवे. खलाशांनी पंप मारून पाणी उपसायचं, इंजिनाला तेल घालायचं, दोर बांधायचे; सगळी कामं झाली की ते जिंकले. बुडवे खलाशांसारखेच दिसतात, पण एकटा खलाशी गाठून त्याला पाण्यात ढकलतात. कोण बुडवा हे फक्त त्याचं त्यालाच ठाऊक. ढकलाढकली कुणाला कळली की घंटा होते. सगळे डेकवर जमतात, वाद घालतात, मतं टाकतात. जास्त मतं ज्याला, तो पाण्यात. खलाशी असूनही गेला तर नशीब त्याचं.

पेडणे तालुक्यातल्या तुयेच्या इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये बाटल्यांची झाकणं बनवणारी एक फॅक्टरी आहे. कामत साहेब तिथले मॅनेजर. त्यांना ॲन्युअल डेला काहीतरी नवीन हवं होतं. आमच्या गेमची त्यांच्यापुरती आवृत्ती बनवायचं काम माझ्याकडे आलं, आणि त्याबरोबर पुण्याहून आमच्या बॉसचा, अभिजितचा, फोन आला.

"हे जमलं तर गोव्यात अशी आणखी कामं घेऊ. नाही जमलं तर डिचोलीचं ऑफिस चालवण्यात अर्थ नाही. तुम्ही सगळे इकडे या."

सगळे म्हणजे आम्ही चौघं, हार्डवेअरच्या दुकानावरच्या एका खोलीत बसणारे. बाकी तिघांचं मला माहीत नाही, पण मला पुण्याला जायचं नव्हतं. पुणं वाईट आहे असं नाही. मुळगावात माझं घर आहे, नवऱ्याची शेती आहे, संध्याकाळी ऑफिसातून स्कूटरने निघाले की चहाच्या वेळेला मी घरी असते. हे सगळं मला मनापासून आवडतं. तेव्हा कामत साहेबांइतकंच माझंही या गेममध्ये काहीतरी अडकलेलं होतं.

पहिली चाचणी मी डिफॉल्टवर घेतली. डिफॉल्ट म्हणजे गेम बनवतानाच लावलेली सेटिंग, जी जगभर चालते. जेवणाच्या सुट्टीत पॅकिंगचे दहा जण बसवले. मॅच सुरू झाली, एका मुलीला ढकललं, घंटा झाली, सगळे डेकवर आले. आणि एकानेही मत दिलं नाही. उरलेल्या नऊच्या नऊ मोबाइलवर 'स्किप', म्हणजे मत कुणालाच नाही. पुढच्या घंटेलाही तेच. बुडव्यांनी निवांतपणे एकेकाला नदीत सोडलं आणि मॅच जिंकली. सगळे म्हणाले, "बरो आसा गेम." गोव्यात कोणी इतक्या सभ्यपणे 'बरो आसा' म्हणालं की समजावं, उद्या तो येणार नाही.

शालिनीताई म्हणून सर्वणच्या एक बाई पॅकिंगमध्ये आहेत. मी त्यांना बाजूला घेऊन विचारलं, "ताई, तुम्हाला खरंच काही दिसलं नाही?"

"दिसलां मगो! नागेशबाबांनी त्या चेडवाक ढकलल्यानी, माझ्या दोळ्यांसमोर."

"मग मत का नाही दिलंत?"

"मत घातलंय तर वरती माझां नाव येता. नागेशबाब म्हणजे माझ्या जावयाचे मामा. चवथीक गणपती बघूक तेंच्या घरा जावचां आसा माका."

नागेशबाब म्हणजे त्यांचे सुपरवायझर. शालिनीताईंनी सांगितलं आणि माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. डिफॉल्टमध्ये कोणी कुणाला मत दिलं ते पडद्यावर नावानिशी दिसतं. पेडणे-डिचोलीत दहा माणसं एकत्र बसवली तर त्यात निदान तीन जण एकमेकांचे व्याही निघतात. अशा ठिकाणी मामाला उघड बोट कोण दाखवणार?

मी अभिजितला फोन केला. "गुप्त मतदान लावते."

"अगं, नावं दिसण्यातच तर मजा आहे. जगभर लोक तसंच खेळतात."

"जगभरच्या लोकांना एकमेकांच्या घरी चवथीला जायचं नसतं."

तो हसला आणि हो म्हणाला.

दुसऱ्या चाचणीला गुप्त मतदान लावलं. चर्चेचा वेळही वाढवला, कारण आमच्याकडे आरोप करण्याआधी घरच्यांची खुशाली विचारायची पद्धत आहे. आणि काय सांगू, कँटीन पेटलं. नागेशबाबांना त्यांच्याच भाच्याच्या सासूने पाण्यात घातलं आणि वर "अरेरे" म्हटलं. एकच अडचण होती. पाण्यात गेलेले लोक शेजारीच बसून बुडव्यांची नावं ओरडायचे. त्याला सेटिंग नाही. म्हणून बुडालेल्यांना पलीकडच्या टेबलावर पातळ भाजी आणि पाव ठेवले, तोंड कामात राहावं म्हणून. तर लोक मुद्दाम बुडायला लागले. शेवटी भाजी मॅचनंतर द्यायची ठरली.

आवाज ऐकून कामत साहेब केबिनमधून बाहेर आले आणि म्हणाले, मीपण खेळतो. मला आनंद झाला. तो फार टिकला नाही. पहिली घंटा झाली आणि साहेब पाण्यात. दुसरी मॅच, पुन्हा साहेब. तिसऱ्यांदा काय झालं ते सुरुवातीला सांगितलंच.

जाताना त्यांनी मला गेटपर्यंत सोडलं. आवाज शांत होता, पण कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. "ॲन्युअल डेक मुंबयचे मोठे साहेब येतले. तेंच्यासमोर ह्यां नाका. जमना नाय तर सांगा, आपण हाउजी ठेवया."

हाउजी! तंबोल्याचे आकडे ओरडायला माझी गरज कोणाला?

अभिजितचा उपाय तयार होता. "इम्युनिटी दे." इम्युनिटी म्हणजे कवच. एखाद्या खेळाडूच्या नावापुढे टिक केली की त्याला मत देताच येत नाही. "साहेबांच्या नावापुढे टिक कर आणि मोकळी हो. क्लायंट खूश, आपण खूश."

"सगळ्यांच्या पडद्यावर साहेबांभोवती ढाल दिसेल. मग कोण खेळणार? आणि साहेबांना तरी ते बरं वाटेल का?"

"मग तुझं म्हणणं काय, लोकांना ते आवडत नाहीत?"

"तेच बघायचंय. एक चाचणी आणखी दे."

मला खरंच माहीत नव्हतं. मनातून थोडी भीतीही होती. लोकांनी साहेबांवरचा वर्षभराचा राग काढला असेल, तर त्यावर सेटिंग चालत नाही.

तिसऱ्या चाचणीला मी दोन बदल केले. खेळाडूंची नावं लपवली. बार्जवर फक्त टोप्यांचे रंग दिसणार, कोण कुठल्या टोपीत हे कुणालाच कळणार नाही. आणि चर्चा तोंडी नाही, मोबाइलवर टाइप करून. साहेबांना मी केबिनमध्येच बसवलं आणि त्यांच्या परवानगीने मागे खुर्ची घेतली. त्यांची टोपी तांबडी आली.

मॅच सुरू झाली. तांबडी टोपी तडक इंजिनरूममध्ये गेली. तिथे निळी टोपी तेल घालत होती. तांबडी तिच्या मागे जाऊन उभी राहिली. नुसती उभी. मग दोरांकडे गेली. तिथे हिरवीच्या मागे उभी राहिली. मग परत इंजिनरूम.

"साहेब, तुमची कामं डाव्या बाजूला दिसताहेत. पंप मारा ना."

"मारतंय मगो. आदी बघूया, ही माणसां कामां करतत काय नाय."

घंटा झाली. पडद्यावर एकेक ओळ यायला लागली. साहेब त्या मोठ्याने वाचत होते, स्वतःशीच.

"तांबडो खंयचांच काम करिना."

"माझ्या फाटल्यान येवन उबो रवता."

"इंजिनाकडे पण आयलो. कशाक हात लावक नाय."

"कामचोर. उडवा तेका."

साहेब थांबले. मोबाइल जवळ घेऊन पुन्हा बघितला. "तांबडो म्हणजे मीच नी?"

"हो साहेब."

"अगो, पण मी बघत होतंय!"

"साहेब, या बार्जवर बघणं हे काम नाही. जो काम न करता दुसऱ्यांच्या मागे फिरतो, तो ढकलायला आलाय असंच लोकांना वाटणार. त्यांना तुम्ही कोण ते माहीतसुद्धा नाही."

तोवर तांबडी टोपी पाण्यात गेली होती. केबिनच्या काचेतून पॅकिंगचा हॉल दिसतो, साहेब तिकडे बघत राहिले. मला वाटलं, झालं, आता हाउजी. पण ते रागावले नव्हते. त्यांना खरोखर प्रश्न पडला होता.

"मग कामां होतत काय नाय, ता माका कळतलां कसां?"

इतका सरळ प्रश्न मला आजवर कोणत्याही क्लायंटने विचारला नाही. आणि त्याचं उत्तर आमच्या सेटिंगमध्ये पडून होतं. गेममध्ये वरच्या बाजूला एक हिरवी पट्टी असते. सगळ्यांची मिळून किती कामं झाली, तेवढी ती भरते. कोणी किती केलं ते सांगत नाही, फक्त बार्ज कुठवर आली ते कळतं. डिफॉल्टमध्ये ती फक्त घंटा झाल्यावर दिसते, थोडा अंधार असला की खेळ चुरशीचा होतो म्हणून. मी ती कायम दिसेल अशी केली.

पुढच्या मॅचला साहेब पट्टी बघत होते. ती सरकली. आणखी सरकली. त्यांनी हळूच पंपाकडे मोर्चा वळवला आणि पाणी उपसायला लागले. एकदा जमलं, मग त्यांना चेवच चढला. "ही पट्टी माझ्यान सरकली नी?" त्यांनी विचारलं. त्या मॅचमध्ये ते शेवटपर्यंत बार्जवर राहिले आणि कँटीनमध्ये जाऊन सगळ्यांना सांगून आले की आजचा तांबडो मी.

मग नागेशबाब पहिले हसले.

ॲन्युअल डेला नावं परत लावली, मतदान गुप्तच ठेवलं, हिरवी पट्टी चालू. मोठ्या पडद्यावर फक्त डेकवरच्या सभा दिसत होत्या आणि मुंबईचे मोठे साहेब पहिल्या रांगेत होते. शेवटच्या मॅचमध्ये कामत साहेब स्वतः बुडवा निघाले. मला ते माझ्या कंट्रोल स्क्रीनवर दिसत होतं आणि मला घाम फुटला. साहेबांनी इमानेइतबारे पंप मारायचं नाटक केलं. मधूनच जाऊन एकाला ढकललं. परत पंपावर. नागेशबाबांना ढकललं. परत पंपावर. प्रत्येक घंटेला नवी नावं निघत होती, साहेबांचं एकदाही नाही. शेवटी कुणीतरी त्यांच्याबद्दल शंका काढली, तर शालिनीताईच उभ्या राहिल्या. "साहेब न्हय. साहेबांक वेळ खंय आसा? पंप मारतत ते."

पुढच्याच मिनिटाला साहेबांनी त्यांना पाण्यात ढकललं आणि मॅच जिंकली. कँटीन डोक्यावर घेतलं लोकांनी. शालिनीताई कपाळावर हात मारून हसत होत्या आणि साहेब उभे राहून सगळ्यांना हात जोडत होते. इतकी खूश मी कुठल्याच मॅचनंतर झाले नव्हते.

डिचोलीचं ऑफिस राहिलं. अभिजितने पुण्याला बोलावणं बंद केलं, आणि मी अजून चहाच्या वेळेला घरी असते.

नंतर एका कामासाठी त्या फॅक्टरीत गेले होते. पॅकिंग हॉलच्या भिंतीवर मोठी स्क्रीन लागली होती. दिवसाचं काम किती झालं, एवढीच एक हिरवी पट्टी त्यावर. कुणाचं नाव नाही. शालिनीताईंना विचारलं, कसं वाटतं?

"साहेब आता फाटल्यान येवन उबे रवनत नाय. सकाळी एक फेरी मारतत, 'बरां मगो?' विचारतत नी जातत." मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "पयली पयली माका चुकल्याचुकल्यासारां वाटलां."

या धंद्यात मी एवढं शिकले, की एकाच माणसाला सारखी मतं पडायला लागली तर ढाल द्यायची घाई करू नये. तो माणूस कुठे उभा राहतो, ते आधी जाऊन बघावं.