आप्पांच्या फोनात ल्युडो घालताना

वैजापूरच्या मार्केट यार्डात कांद्याच्या ढिगाशेजारी ठणठणीत उभे असलेल्या माझ्या चुलत सासऱ्यांना एका सकाळी कळलं, की त्यांना दवाखान्यात ॲडमिट केलेलं आहे.

बातमी खोटी होती. पण ती पसरवण्यात कुणाचाही वाईट हेतू नव्हता. मी फक्त एका फोनमध्ये गेम घालत होतो.

झालं असं. माझे सासरे, आप्पा, गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी वैजापूरहून आमच्याकडे शहरात, मुकुंदवाडीला आले होते. ऑपरेशन झालं, गुडघा नवा बसला, आणि डॉक्टरांनी पाय सरळ ठेवून पडून राहायला सांगितलं. ज्या माणसानं आयुष्यभर पहाटे उठून शेताला चक्कर मारली, त्याला आमच्या हॉलमधल्या दिवाणावर पडून समोरच्या सोसायटीची पाण्याची टाकी बघत बसायला सांगितलं, तर त्याचं काय होईल? टाकी कधी भरते, कधी वाहते आणि कोण मोटर बंद करायला विसरतं, हे सगळं आप्पांना आठवड्याभरात पाठ झालं होतं. एकदा तर त्यांनी खिडकीतून तिथल्या वॉचमनला हाका मारून झापलंही होतं.

पण त्यांचं खरं दुखणं गुडघा नव्हतं. खरं दुखणं होतं अण्णा. अण्णा म्हणजे त्यांचा धाकटा भाऊ. ऑपरेशन ठरल्याचं आप्पांनी अण्णांना सांगितलंच नाही. ("उगी कामून घोर लावायचा त्याला?") आणि अण्णांना ते कळलं कुठं, तर कटिंगच्या दुकानात, गालाला साबण लावलेला असताना! ते जे रुसले, ते रुसलेच. भेटायला नाही, फोन नाही. फक्त काकूंच्या, म्हणजे त्यांच्या बायकोच्या, तोंडी एक निरोप आला: "दादाला म्हणावं, लई मोठा झालाय ना, तर फोनवर ल्युडो खेळून हरवून दाखव मला."

आप्पांचे डोळे चमकले. भावाशी बोलायला ल्युडोची का होईना, एक वाट निघाली होती.

"जावईबापू," आप्पा म्हणाले, "माझ्या फोनात ते ल्युडू घाला."

आता, सासुरवाडीत माझी ख्याती कॉम्प्युटरमधला माणूस अशी आहे. (मी ऑफिसात कॉम्प्युटरसमोर बसतो, एवढ्याच पुराव्यावर ती उभी आहे.) मुलगी पुण्याला हॉस्टेलवर, त्यामुळे घरात मला आव्हान देणारंही कुणी नव्हतं. मी बाह्या सरसावल्या. "त्यात काय आप्पा! चहा होईपर्यंत घालतो."

तो चहा, अगदी खरं सांगायचं तर, अजून व्हायचाच आहे.

आप्पांचा फोन औरंगपुऱ्यातल्या एका बोळातून घेतलेला. पडद्यावर रंगीबेरंगी चौकोन, फरशी बसवल्यासारखे. दणकट एवढा, की एकदा जीपच्या चाकाखाली गेला आणि आप्पांनी धोतराला पुसून खिशात टाकला. अडचण एवढीच, की ज्यांनी ह्या प्रकारचे फोन काढले होते त्यांनी तो धंदाच बंद केला होता. ॲपचं दुकान फोनमध्ये दिसायचं, पण त्याच्यामागे कुणी बसलेलंच नव्हतं. मी त्यावर बोट दाबलं की पडद्यावर पाच ठिपके डावीकडून उजवीकडे पळत जायचे. पुन्हा यायचे. पुन्हा जायचे.

"ह्या मुंग्या कुठं चालल्यात?" आप्पांनी विचारलं.

"लोड होतंय, आप्पा."

"कवापासून व्हायलंय?"

"मोठं दुकान आहे ना."

शेवटी मी माझ्या फोनवर शोधाशोध केली. एका परदेशी माणसाचा व्हिडिओ सापडला. त्याची भाषा मला कळली नाही, पण त्याच्या हातात हुबेहूब आप्पांचा फोन होता आणि तो सेटिंगमध्ये जाऊन तारीख मागे नेत होता. काही वर्षं मागे! माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. दुकान आज बंद आहे, पण तेव्हा तर चालू होतं! तारीख मागे नेली की फोनला वाटणार, अजून तेच दिवस आहेत, आणि दुकान उघडणार! (हा युक्तिवाद मी आजही पूर्ण करू शकत नाही. पण त्या क्षणी तो मला फार भक्कम वाटला होता.)

मी तारीख मागे नेली. सहज बोट जिथं थांबलं, तो दिवस ठेवला. ठिपके आणखी जोरात पळायला लागले. म्हणजे काहीतरी होत होतं!

"आप्पा, हे जरा चार्जिंगला चालू राहू द्या. मी औरंगपुऱ्यात जाऊन एका माणसाला विचारून येतो."

"व्हय, व्हय. जा."

मी स्कूटर काढली. गर्दीतून, हातगाड्यांमधून वाट काढत त्या बोळात पोहोचलो. मोबाइलच्या दुकानात एक दाढीवाले गृहस्थ काउंटरवर कोपरं टेकून बसले होते. मी सगळी कहाणी सांगितली: गुडघा, ल्युडो, ठिपके, परदेशी माणूस. त्यांनी मनापासून ऐकून घेतलं.

"हौ साब, देखेंगे. फोन किदर है?"

मी खिसे चाचपले. शर्टाचा, पँटचा, पुन्हा शर्टाचा.

"फोन... घरी आहे."

"घर पे?"

"चार्जिंगला लावून आलो."

 त्यांनी शेजारच्या दुकानदाराला हाक मारली. "अरे मियां, जरा इदर आव. ये साब फोन में ॲप डालने आये, और फोनच नई लाये!" तो आला. त्याच्यामागून चहावालाही आला. तिघांनी मिळून बरीच चर्चा केली आणि शेवटी मला एक स्क्रीनगार्ड विकला. आप्पांच्या फोनला तो बसत नाही. माझ्याही नाही.

इकडे घरी काय झालं होतं, ते मला नंतर तुकड्या-तुकड्यांनी कळलं. ते जोडून सांगतो.

फोन नवा होता तेव्हा सुनंदानं, म्हणजे माझ्या बायकोनं, आप्पा विसरू नयेत म्हणून त्यात आठवणी लावून ठेवल्या होत्या. खत आणणे, लग्नाला जाणे, असलं सगळं. त्यातच, काही वर्षांपूर्वी अण्णांना पित्ताशयातल्या खड्यांसाठी दवाखान्यात न्यायचं ठरलं होतं, त्या दिवसाचीही एक आठवण होती. वर्षात एवढे दिवस असतात. माझं बोट नेमकं त्याच दिवसावर थांबलं होतं!

मी गेल्यावर थोड्या वेळानं फोन वाजला. आप्पांनी चष्मा लावला. पडद्यावर लिहिलं होतं: "अण्णा ॲडमिट. लगेच निघणे."

"सुनंदा!" आप्पा एवढ्या जोरात ओरडले, की समोरच्या सोसायटीच्या वॉचमननं घाबरून मोटर बंद केली.

सुनंदा पीठ मळत होती, ती तशीच धावत आली. आपणच कधीकाळी लावलेली आठवण तिला कशी आठवणार? तिनं वाचलं आणि तिचंही अवसान गळालं. आप्पांनी अण्णांना फोन लावला. अण्णा यार्डात, लिलावाच्या गोंगाटात. उचलला नाही. मग काकूंना लावला.

"अण्णाला कुठल्या दवाखान्यात नेलंय?"

"अहो भाऊजी, ते यार्डात गेलेत की."

"यार्डात नाय! दवाखान्यात नेलंय! मला मेसेज आलाय!"

काकूंनी फोन टाकला आणि हंबरडा फोडला. शेजारी जमले. कुणीतरी मोटरसायकलवर यार्डाकडं सुटलं आणि कांद्याच्या ढिगाशेजारी उभ्या असलेल्या अण्णांना धापा टाकत म्हणालं, "अण्णा, तुम्हाला दवाखान्यात नेलंय!"

"मला?" अण्णांनी स्वतःच्या अंगाकडं पाहिलं. "मी तर हितं हाय!"

"आप्पांचा फोन आला होता. ते म्हंत्यात, नेलंय."

 अण्णांचा चेहरा उतरला. "आरं देवा. म्हंजी दादाच्या डोस्क्यावर परिणाम झाला! ऑपरेशनचं औषध चढलं!" सगळा रुसवा-फुगवा तिथंच कांद्यात टाकून ते रिकाम्या झालेल्या एका पिकअपमध्ये चढले. त्यांच्या पाठोपाठ यार्डापर्यंत धावत आलेल्या काकू, दोन चुलते, एक आत्याबाई आणि ज्याचा कांदा नुकताच विकला गेला होता असा एक अनोळखी शेतकरीही चढला. (तो का आला, हे त्यालाही सांगता आलं नाही.)

मी दोन तासांनी औरंगपुऱ्याहून परतलो तर आमच्या गेटसमोर बघ्यांची गर्दी! (आप्पांना जिन्यावरून खाली आणण्यातच सगळा वेळ गेला होता.) मधोमध रिक्षा. रिक्षात सुनंदा, पिठाच्या हातांनी. तिच्या शेजारी आप्पा, आणि त्यांचा ऑपरेशनचा पाय रिक्षातून सरळ बाहेर आलेला, रेल्वे फाटकाच्या दांड्यासारखा. त्याच्या दोन्ही बाजूंना स्कूटरवाले थांबून हॉर्न वाजवत होते.

"चचा, पांव मोडो ना," रिक्षावाला विनवत होता. "अंदर नई आरा!"

"मोडू?" आप्पा कडाडले. "आत्ताच नवा बसवलाय, अन् मोडू म्हणतो!"

"आप्पा, कुठं निघालात?" मी स्कूटर टाकून धावलो.

"अण्णा ॲडमिट हाय! बसा म्होरं!"

"कुणी सांगितलं?"

"माझ्या फोननं सांगितलं!"

मी फोन घेतला. वाचलं. वरची तारीख पाहिली. 

"आप्पा... अण्णा बरे आहेत. म्हणजे ते ॲडमिट होते, पण आज नाही. तेव्हा. म्हणजे फोनमध्ये आज तेव्हा आहे. मी आजचं तेव्हा केलं, म्हणून तेव्हाचं आज आलं."

आप्पांनी सुनंदाकडं पाहिलं. "ह्यांनाबी घे दवाखान्यात."

सुनंदानं तोंड उघडलं, पण तिला बोलायची संधी मिळालीच नाही. कोपऱ्यावरून पिकअप वळला, करकचून थांबला आणि अण्णांनी मागून उडी मारली. त्यांच्या अंगाला कांद्याची साल चिकटली होती. रिक्षातून बाहेर आलेला भावाचा पाय त्यांनी पाहिला आणि ते तिथंच रस्त्यात थबकले.

"दादा," अण्णा अगदी हळू, लहान पोराला समजवावं तसं म्हणाले, "मला ओळखलं का?"

"तुला कामून नाय ओळखणार? तू दवाखान्यातून उठून का आलास?"

"बरं, बरं. मी दवाखान्यात होतो. तू म्हंशील तसं. आता तू शांत बस."

"मी शांतच हाय! तू पडून राहा!"

"मी कामून पडून राहू? मला काय झालंय?"

"मग मला काय झालंय?"

 अण्णांनी आप्पांच्या कपाळाला हात लावला. आप्पांनी अण्णांचा हात धरून नाडी बघितली. (आप्पांना नाडीतलं काही कळत नाही. पण हात सोडला नाही.) मग आप्पा म्हणाले, "मला वाटलं, तू गेलास बग रे."

"मला वाटलं, तू गेलास," अण्णा म्हणाले आणि त्यांनी गमछा डोळ्यांना लावला.

काकू रडल्या. आत्याबाई रडल्या. तो अनोळखी शेतकरीसुद्धा रडला. रिक्षावाल्यानं हॉर्न वाजवणाऱ्यांना हातानं गप्प केलं. मीही एक हुंदका देणार होतो, पण तेवढ्यात सगळ्यांच्या नजरा माझ्याकडं वळल्या.

"जावईबापू," अण्णा म्हणाले, "तुम्ही तारीख मागं नेली?"

"हो."

"कामून?"

"ल्युडो घालायला."

"मग घातला का?"

"...नाही."

अण्णांनी स्वतःचा फोन काढला. "अहो, दोघं शेजारी बसलं तर एकाच फोनवर खेळता येतं की! त्याला घालायचं काय?"

आप्पांना उचलून पुन्हा दिवाणावर ठेवण्यात आलं. अण्णा त्यांच्या शेजारी मांडी घालून बसले आणि डाव सुरू झाला. "सहा पडलं, काढ सोंगटी!" "आरं, मला मारतो व्हय? आजाऱ्याला मारतो?" हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. ल्युडो जोरात चालू होता, आणि त्यात माझा सहभाग शून्य होता.

सुनंदा स्वयंपाकघराच्या दारात आली. "अहो, एवढ्या माणसांचा चहा टाकायचाय. दूध आणता का? तेवढं तरी जमेल ना?"

तिच्या आवाजातला तो 'तरी' मला झोंबला. मी ताठ मानेनं खाली गेलो, डेअरीवाल्याकडून चार पिशव्या उचलल्या आणि आणून तिच्या हातात दिल्या. तिनं घाईत, आत्याबाईंशी बोलता बोलता, कोपरे कापले आणि उकळत्या आधणात ओतल्या.

पातेल्यातला चहा एकदम वेगळाच झाला. खाली पाणी, वर गठ्ठे.

सुनंदानं रिकामी पिशवी उचलली, चष्म्याजवळ नेली आणि मोठ्यानं वाचलं: "मसाला ताक."

हॉलमधला डाव थांबला. फक्त फोनमधला फासा एकटाच खुळखुळत होता. अण्णांनी पातेल्यात डोकावून पाहिलं, मग माझ्याकडं पाहिलं, मग आप्पांच्या पट्टी बांधलेल्या पायावरून मायेनं हात फिरवला.

"दादा," ते म्हणाले, "ऑपरेशन डॉक्टरनंच केलं ना? नक्की?"